हेनीबाईंचा सत्कार

सरे, कॅनडा, १८ नोव्हेंबर

ती. शीलाताई,

सरेहून चारुदत्तचा नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? माझे पावसाबरोबर कुरकुरतात. इथे तीन आठवडे सूर्य उगवलेला नाही, आणि त्याने मुद्दाम उगवून पाहावं असं काही घडलेलंही नाही.

माझ्या घरमालकीणबाई हेनी ड्रॉस्ट (त्या वर राहतात, मी बेसमेंटमध्ये) एकेकाळी डच सिनेमात नटी होत्या. एकूण अकरा चित्रपट. नऊ चित्रपटांत त्यांनी मोलकरीण होऊन दार उघडलं आणि उरलेल्या दोनांत दार उघडून ‘साहेब घरी नाहीत’ असंही म्हटलं. पुढे नवऱ्यापाठोपाठ कॅनडात येऊन चाळीस वर्षं दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनवर बसल्या. आता चौऱ्याऐंशीच्या आहेत. आयुष्यात एकाही प्रेक्षकाचं पत्र आलं नाही, हे त्यांनी मला कपडे धुण्याच्या मशीनपाशी सांगितलं. (इथे माणसं मन मोकळं करतात ती तिथेच.)

आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळीला सत्कारासाठी येणाऱ्या मुंबईच्या नटाचा व्हिसा अडकला. अध्यक्ष निमिष रडकुंडीला आला, म्हणून मी हेनीबाईंचं नाव सुचवलं. ‘फॉरेनची ॲक्ट्रेस? काका, डन!’ परिचय लिहायचं अर्थात माझ्याकडे आलं. तीस वर्षं वर्तमानपत्रात काढलेला माणूस मी, वेळेत दिला. वाचायला अठरा मिनिटं लागत होती. (बाईंचं पडद्यावरचं सगळं काम चौदा मिनिटांत आटोपतं.)

बाई निळा रेशमी झगा घालून पहिल्या रांगेत बसल्या. मुलांच्या दोन नाटिका झाल्या, चार नाच झाले, आभार झाले. तीन तास त्या प्रत्येक गोष्टीला टाळ्या वाजवत होत्या. मग निमिष माझ्या कानाला लागला. ‘काका, केटरर थांबत नाहीये. मॅडमचं नेक्स्ट इयर करू या ना?’ आणि माइकवरून जेवणाची घोषणा झाली. शाल आणि नारळ मी त्यांना पार्किंगमध्ये, भर पावसात दिले. प्रेक्षक म्हणून एक सिक्युरिटी गार्ड होता. बाईंनी त्याला वाकून अभिवादन केलं.

गाडीत त्यांनी विचारलं, लोकांना माझं काम आवडतं का? मी हो म्हणालो.

तुझा,
चारुदत्त

ता. क. तू त्यांना एक पत्र लिही. इथे पाहुणी आली होतीस, सभागृहात होतीस, असं लिही. पाप माझ्या माथी. मराठीतच लिही, मी इंग्रजी करून वाचून दाखवीन.

दुसरा ता. क. जरा लवकर लिही. एक बाई तुम्हाला पत्र पाठवणार आहेत, असं मी गाडीतच बोलून बसलो. काल हेनीबाईंनी त्याचं उत्तर लिहून, सही केलेला फोटो घालून, पाकीट चिकटवून माझ्याकडे दिलं. पत्ता तेवढा घालायचा राहिला आहे.