धायरीच्या शालनचे वाक्य

मी, रंगनाथ केशव आगाशे, वय एक्याऐंशी, शब्दकोशाचा निवृत्त संपादक, राहणार कर्वेनगर, पुणे, हे मृत्युपत्र राजीखुशीने लिहीत आहे. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. शेजाऱ्यांनी अवश्य वाचावा.

१. राहता फ्लॅट बहिणीची नात उत्कर्षा हिला. पुतण्या वरद याला माझी छत्री. गेली सहा वर्षे ती त्याच्याकडेच आहे.

२. कोशासाठी शब्द टिपलेल्या कार्डांचे कपाटही उत्कर्षाला. त्यात माझ्या अक्षरातली दोन कार्डे आहेत. 'उंडगा : भटकण्याची हौस असलेला.' त्याखाली, 'उंडगी : वाईट चालीची बाई. उदा. धायरीची शालन उंडगी, घरात टिकत नाही.'

शालन आमच्या कार्यालयात चारचा चहा आणायची. एकदा हसत म्हणाली, "साहेब, कामाला भाईर पडते म्हनून सासू मला उंडगी म्हनती. तुमच्या पुस्तकात हाय का ह्यो शब्द?"

नव्हता. कार्डावर ऐकले तसे, नावागावासकट लिहायचे आणि छापताना नाव बदलायचे, अशी आमची शिस्त. अस्सल वाटते म्हणून मी छापतानाही नाव तसेच ठेवले. शब्द देणाऱ्याला एक प्रत भेट द्यायचीही पद्धत होती. १९८४ साली मी तिला सही करून प्रत दिली. तिला वाचता येत नव्हते, नवऱ्याला, दशरथला, येत होते. दशरथने ते पान भावकीत वाचून दाखवले. छापले आहे म्हणजे खरेच, असे ठरले आणि तिला घराबाहेर काढले.

ती चारलाच आली, किटलीशिवाय. "साहेब, तेवढं खोडा की."

मी म्हणालो, "छापलेलं खोडता येत नाही."

तिसऱ्या दिवशी ती विहिरीत सापडली.

३. तो कोश आता इंटरनेटवर आहे. इतरांनी तो उचलला, आणि ते वाक्य पाच ठिकाणी दिसते. उत्कर्षाने तक्रार केली, तर त्या संकेतस्थळांनी संपादकाचे लेखी निवेदन मागितले. चार महिने मी दिले नाही, कारण चूक माझी असे लिहावे लागले असते. रोज चारला दार वाजते. उघडतो, तर जिना रिकामा असतो. मला भीती वाटते. मी गेल्यावर दार उघडायला कोणी नसेल, आणि ती येतच राहील.

तर हे निवेदन. वाक्य खोटे होते. अर्थ आम्ही पुरुषांनी टेबलाशी बसून ठरवला होता. दोष माझा. उत्कर्षाने माझ्या मरणाची वाट न पाहता ही प्रत आजच पाठवावी.

४. शालनची मुलगी भाग्यश्री हिला अर्धा फ्लॅट देऊ केला होता. ती म्हणाली, "घर नको. आईचं नाव तेवढं पुसा."

मृत्युपत्रातून ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये, असे वकील सांगतात. भाग्यश्रीला माझ्याकडून काहीच मिळालेले नाही. ती होऊ शकते.

पुणे, १४ नोव्हेंबर २०२५, दुपारचे चार.

रंगनाथ केशव आगाशे

आमच्या डोळ्यांदेखत सही केली :
१. हेमा तात्याराव बर्वे, शेजारी
२. भाग्यश्री शालन रायकर