अक्काच्या कपाटातली प्रत

७ नोव्हेंबर, धार
नवा संगणक. अक्काच्या कुळाचाराची फाइल उघडली तर पडद्यावर नुसते चौकोन. चार वर्षं ही माझी थोरली बहीण देवासहून फोनवर सांगत होती, मी टाइप करत होते. गौरीचा नैवेद्य, लग्नातल्या घाण्याची गाणी, कोणी कोणाची ओटी भरायची. पक्षाघातानंतर तिला दोन शब्द जोडणं जड जातं. पुन्हा कोण सांगणार? डिसेंबरात तिच्या नातवाचं लग्न. पुस्तिका छापून देते म्हणून बसले आहे.

९ नोव्हें.
मराठी टाइप करायच्या जुन्या प्रोग्रामची सीडी घर बदलताना गेली. कंपनी म्हणते, नवा घ्या. एकदा विकत घेतलेली वस्तू पुन्हा का घेऊ? इंटरनेटवर फुकट आहे. सूनबाई: "आई, ऐसी साइट से मत लो ना, आधी संगणकवाल्या महेशभियाला विचारा." मी काय चोर आहे?

१० नोव्हें.
प्रोग्राम उतरवला. सोबत सूचना, स्वच्छ इंग्रजीत. तिसरी: अँटीव्हायरस बंद करा. केला. कॉन्व्हेंट शाळेत नन्सनी छापील सूचना ओळीनं पाळायला शिकवलं, शंका काढायला नाही.

११ नोव्हें.
सगळ्या फायली कुलूपबंद. लाल चौकट पैसे मागते आहे, तेही स्वच्छ इंग्रजीत. फायलींची नक्कल ठेवलेला पेन ड्राइव्ह संगणकालाच लावलेला होता. तोही गेला.

१२ नोव्हें.
महेशचं दुकान. "काकीजी, अँटीव्हायरस आपने खुद बंद किया?"
"तसं लिहिलं होतं."
"चोर लिखेगा दरवाजे की कुंडी खोल दो, तो खोल दोगे?"
मी पेन ड्राइव्ह काढून त्याच्यापुढे ठेवला.
पैसे भरू नका म्हणाला, भरूनही फायली मिळतीलच असं नाही. मग सहज: जुन्या फायली कुठल्याही संगणकावर दिसणाऱ्या युनिकोड अक्षरांत बदलायचं साधन कंपनीच्याच साइटवर आहे. फुकट, कायदेशीर. विचारलं असतं तर पाच मिनिटांचं काम.

१४ नोव्हें.
आठवलं. गेल्या वर्षीच्या दिवाळीला अक्काला कागदावर काढलेली एक प्रत दिली होती. शेवटची गाणी नसतील, बाकी सगळं असेल. तिच्या कपाटात. किल्ली तिच्या कमरेला, सुनेलाही देत नाही. मागायची म्हणजे काय झालं ते सांगायचं. अक्का रागावत नाही. नुसती बघते.

१६ नोव्हें., देवास
दारातच अक्का, "छापलंस?" अगदी स्पष्ट.
म्हटलं, आधी कपाटाची किल्ली दे.
तिनं ती मुठीत धरली. "का?"
बसमध्ये तीन सबबी तयार केल्या होत्या. एकही तोंडातून निघेना. तुझ्या औषधासाठी पाणी आणते म्हणून उठले. स्वयंपाकघरात उभ्यानं हे लिहिते आहे, पेला भरून केव्हाचा—
अक्का हाक मारते आहे. "शालू."