भिंतीवरची थाप

बुधवार संध्याकाळ, सप्टेंबर १९९४

शेजारच्या गुप्ताभाभींकडे आज सात वेळा फोन वाजला. मोजायचं नव्हतं, तरी मोजलंच. यांच्या बदलीमुळे उज्जैनला येऊन चार महिने झाले. माहेरी, मैत्रिणींना, सगळ्यांना भाभींचाच नंबर दिलाय. माझा फोन आला की त्या मधल्या भिंतीवर थाप मारणार, असं ठरलंय. कालपर्यंत एकदाही थाप नाही. आणि त्या फोनवर किती खिदळतात! जळफळाट होतो नुसता.

आज पाचला थाप पडली. कणकेच्या हातांनीच धावले.

"फोन नहीं है, दीदी. आपने फोन का क्रोशेवाला कवर दिया था ना, धुलके सिकुड गया. दूसरा बना दोगी?"

हो म्हटलं. त्या मेल्या फोनला नटवायचंही मीच! तरी लगेच दोरा काढून बसलेय. कवर द्यायला गेले की निदान बसा तरी म्हणतील.