बाईंची तहान

१९ जानेवारी
रोजनिशी एक तारखेला सुरू करायची होती. अठरा दिवस उशीर झाला, त्याबद्दल माफी. कोणाकडे मागतोय ते ठाऊक नाही, कारण ही वही माझ्याशिवाय कोणी वाचणार नाही. पण चौतीस वर्षं कारखान्याच्या फाटकावर टाइमकीपर होतो. लेट येणाऱ्याने आधी माफी मागायची आणि मग कारण सांगायचं, हा नियम माझाच. कारण: पेन सापडत नव्हतं. ही म्हणाली, शर्टाच्या खिशात आहे. कोणत्या शर्टाच्या, ते सांगितलं नाही. अंगातल्याच निघालं.

आता मुद्दा. बाईंची जन्मशताब्दी आहे. बाई म्हणजे पन्नास वर्षांपूर्वी आमच्या गल्लीतली चाळीस घरं ज्यांनी पाहणीसाठी पिंजून काढली, त्या. चौदा महिने येत होत्या. काखेत घडीचं स्टूल. विद्यापीठवाले त्यांना आधी हसले, मग त्यांनी बाईंना खुर्ची दिली. आता एका अख्ख्या संस्थेला बाईंचं नाव आहे. त्यांच्या ग्रंथातलं सहावं प्रकरण आमच्यावर आहे. घर क्रमांक तेवीस. ग्रंथ इंग्रजीत आणि माझी मजल सातवीपर्यंत, तीही ढकलत ढकलत. तरी त्या प्रकरणात तेवीसचा आकडा एकतीस वेळा आहे, आणि टाइमकीपर हा शब्द नऊ वेळा. मोजलंय.

शताब्दीला मला बोलावणारच. संकल्प: रोज अर्धा तास भाषणाची प्रॅक्टिस.

२२ जानेवारी
प्रॅक्टिस नाही. घसा.

२५ जानेवारी, सकाळी ९
भाषणाचा मुख्य मुद्दा ठरला: बाईंची कामाची पद्धत. बाई एका गृहस्थाला सोबत आणत. जाड चष्मा, बोटांना शाई. तो बाहेरच्या खोलीत माझ्यासमोर बसून कागद भरायचा. मी बोलायचो, तो लिहायचा. कधी तीन तीन तास. बाई मात्र आल्या आल्या पाणी प्यायला आत जायच्या. तहान फार. आत गेल्या की दोन तास बाहेर येत नसत. मी एकदा सौम्यपणे म्हणालो, बाई, रक्त तपासून घ्या. त्या म्हणाल्या, तुमच्या घरचं पाणीच तसं आहे. एवढी मोठी विदुषी, पण साध्या पाण्याचं केवढं कौतुक. भाषणाचा शेवट यावरच करायचा. लोक रडतील.

हिला वाचून दाखवलं. ती भांडी घासत होती, माझ्याकडे पाठ. पाठ हलत होती. भावना आवरत असावी.

१ फेब्रुवारी
संस्थेतून फोन. एक मुलगी. म्हणाली, आजी आहेत का? मी म्हणालो, मीच बोलतोय, विचारा. ती म्हणाली, आजींनाच द्या ना, आजोबा. रीत आहे त्यांची. वडीलधाऱ्यांना एकदम त्रास द्यायचा नाही, आधी घरातून चाचपायचं. हिचं अर्धा तास नुसतं 'हं', 'हो', 'नाही, ते बाहेरच बसतात.' मी विचारलं, माझ्याबद्दल काय म्हणाली? ही म्हणाली, तुम्ही घरी केव्हा नसता ते विचारत होती.

म्हणजे माझ्या वेळेची कदर आहे.

६ फेब्रुवारी
संशोधक मुलगी आली. मी आठपासून कोट घालून बसलो होतो, ती दहाला उगवली. तरी काही बोललो नाही. गावाची लोकसंख्या इथून सुरुवात केली. दोन मिनिटांत ती म्हणाली, आजोबा, जरा पाणी पिऊन येते.

या मुलीलाही बाईंचाच आजार. समाजशास्त्रात धूळ फार असावी.

मला एकटं वाटू नये म्हणून तिने रेकॉर्डर समोर ठेवला. म्हणाली, तुम्ही बोलत राहा, हे ऐकतंय. एक तास चाळीस मिनिटं बोललो. आतून हसण्याचे आवाज. दोनदा खोकलो, तरी थांबेनात. निघताना ती म्हणाली, अरेच्चा, याची बॅटरी आधीच संपलेली दिसते. मी म्हणालो, हरकत नाही, मला सगळं पाठ आहे. ती घाईत होती.

१३ फेब्रुवारी
निमंत्रण आलं. प्रमुख पाहुण्या म्हणून हिचं नाव. छपाईची चूक. खाली दुकान असलेल्या घड्याळजीला दाखवलं. तो म्हणाला, टाइमकीपर, चूक अक्षराची होते, अख्ख्या माणसाची होत नाही. त्याला म्हटलं, तू काटे बघ.

सोबत तिकीट एकच. चार दिवसांचा कार्यक्रम, परगावी. संस्थेला दुरुस्तीचं पत्र लिहिलं. दोन पानं, कडक.

२० फेब्रुवारी
पत्र टाकायचं राहिलं. पोस्टाचं तिकीट चिकटवायला डिंक नव्हता. ही म्हणाली, डिंक ड्रॉवरमध्ये आहे. पण आता पोचून काय उपयोग.

मुलीचा फोन. आमची लेक म्हणाली, बाबा, आईला अडवू नका. मी कुठे अडवलं? चार दिवस माझं काय, एवढंच विचारलं. पाच-सहा वेळा. संकल्प: ती ९ मार्चला निघेपर्यंत स्वयंपाक शिकायचा. आज अंडं उकडताना पाहिलं. सोपं आहे.

९ मार्च
ही गेली. निघण्याआधी वीस मिनिटं स्वयंपाकघर दाखवत होती. हा डबा, तो डबा, गॅसचं बटण असं. मी मान डोलवत होतो. लक्ष नव्हतं, कारण माझं भाषण तिच्या पिशवीत कसं सरकवावं याचा विचार चालला होता. शेवटी हातातच दिलं. म्हटलं, माझ्या वतीने वाच. तिने घडी घातली आणि म्हणाली, वेळ उरला तर. तिच्या अंगावरची नवी साडी मी पाहिली नव्हती. ती म्हणाली, सात वर्षांची आहे.

तिला न्यायला आलेल्या संशोधक मुलीने मला ग्रंथाचं नवं भाषांतर दिलं. आपल्या भाषेत. म्हणाली, सहावं प्रकरण सावकाश वाचा हं, आजोबा.

१० मार्च
दूध उतू गेलं. सहावं प्रकरण वाचलं.

नाव आहे, 'बाहेरच्या खोलीतलं उत्तर'.

बाई लिहितात, घराला एकच तोंड असतं असं धरून आजवरच्या सगळ्या पाहण्या झाल्या. कर्ता माणूस बोलतो, सरकार लिहून घेतं. म्हणून त्यांनी तेच प्रश्न दोन खोल्यांत विचारले. एक कागद बाहेर, एक कागद आत. पानावर दोन रकाने आहेत. घरात आधी कोण उठतं? बाहेर: मी, ठीक सहाला. आत: मी साडेचारला, ते चहा झाला की. पाणी कोण भरतं? बाहेर: मीच. आत: त्यांनी दोनदा भरलंय, एकदा लग्न झालं तेव्हा आणि एकदा तुम्ही पहिल्यांदा आलात तेव्हा.

अशी चार पानं.

शेवटचा प्रश्न: कुठे जावंसं वाटतं? बाहेर: तिला घर सोडून कुठे जावंसंच वाटत नाही. आत: हे मला कोणी विचारलं नव्हतं, विचार करून सांगते.

खाली बाईंची टीप. टाइमकीपर खोटं बोलत नव्हता, त्याला खरोखर तसंच वाटत होतं. खोटं पकडता येतं. हे पकडायला आत जावं लागतं.

प्रस्तावनेत म्हटलंय की दोन कागदांची पद्धत आता अनेक देशांत शिकवतात आणि विद्यार्थ्यांना तेवीस नंबरचं घर तोंडपाठ असतं. म्हणजे मी म्हणत होतो ते खरंच. मी जगप्रसिद्ध आहे.

जेवलो नाही. अंडं फुटलं.

१२ मार्च
मुलीचा फोन. आईचं भाषण झालं, सगळे उठून उभे राहिले. म्हणे तिने सांगितलं की बाई कधी वही काढत नसत, बटाटे सोलायला बसत आणि सोलता सोलता विचारत. वही स्टुलाखाली असायची. मी विचारलं, माझं भाषण? वेळ उरला नाही.

मग मुलगी म्हणाली की संस्थेला आई महिनाभर हवी आहे. नव्या मुलींना आतल्या खोलीत कसं बोलायचं ते शिकवायला. मी म्हणालो, ती कसली राहते, तिला माझ्याशिवाय करमत नाही. मुलगी म्हणाली, बाबा, हे तुम्हाला आईने सांगितलं का?

मी फोन दुसऱ्या कानाला लावला. विचारलं, आई काय म्हणाली? हो म्हणाली नाही, नाहीही म्हणाली नाही. म्हणाली, विचार करून सांगते.

१३ मार्च
आज परतायची तारीख. सकाळी सहापासून दारात खुर्ची टाकून बसलो. घड्याळजी म्हणाला, गाडी चारला येते. चारला गल्लीच्या तोंडाशी आली. इतर लोक उतरले.

१५ मार्च
फोनवर बोलता येत नाही. तिने 'काय जेवलात' विचारलं की मी 'सगळं झकास' म्हणून मोकळा होतो. म्हणून पत्र. आधी इथे कच्चं लिहितो, मग कागदावर उतरवतो. डिंक ड्रॉवरमध्ये आहे.

पत्रास उशीर झाला, क्षमस्व. पन्नास वर्षं.

इथे सगळं ठीक आहे. (खोडलं.) इथे दूध तीनदा उतू गेलं आणि साखर समजून मीठ घातलं. साडेचारला उठून पाहिलं. त्या वेळी नळाला पाणी असतं आणि घरात कोणी नसतं. तू इतकी वर्षं त्या वेळी एकटीच होतीस, याची कुठे नोंद नाही. फाटकावर मी चारशे माणसांच्या वेळा लिहायचो.

तू महिनाभर राहणार असशील तर राहा. (हे तीनदा खोडलं, आता राहू देतो.) मुलींना नीट शिकव. ते बटाट्यांचं मला माहीत नव्हतं.

तुला कुठे जावंसं वाटतं, हे मी विचारायला हवं होतं. आता विचारतो. उत्तर घर असेल असं मला वाटतं, पण मी रकाना भरलेला नाही. कोरा ठेवलाय. तुझं तू लिही. जे असेल ते, पण लवकर कळव.