राष्ट्रपतींची सही झाली

प्रिय अहो,

हसू नका. तुम्ही पलटणीत होतात तेव्हा मी आंतरदेशीय पत्रं लिहायची, पण 'प्रिय' लिहायचं धाडस कधी झालं नाही. सासूबाई पत्र टाकण्याआधी शेजारच्या पोराकडून वाचून घ्यायच्या! तुम्ही सुभेदार होऊन घरी आलात आणि पत्रं थांबली. आज पुन्हा लिहायला बसलेय, कारण ज्या बातमीची तुम्ही शेवटच्या श्वासापर्यंत वाट पाहिलीत, ती आली. फोटोपुढं उभी राहून सांगायला गेले, तर शब्द फुटेना.

राष्ट्रपतींनी दत्ताचा दयेचा अर्ज फेटाळला. फाशी कायम झाली.

आपल्या सुनीलला, मनीषाला आणि चार वर्षांच्या चिमीला ज्यानं मारलं, त्याला फाशी. हेच हवं होतं ना तुम्हाला? मलाही हेच हवं होतं. मग अहो, मला काहीच का वाटलं नाही? टीव्ही बंद केला, चुलाणावर पाणी ठेवलं आणि ते उकळून आटेपर्यंत तिथंच बसून राहिले.

विट्याकडची पोरं देशभर गलाईची दुकानं काढतात, सोनं गाळून शुद्ध करून देतात. सुनीलनंही तिकडं दक्षिणेत दुकान टाकलं. "परक्या मुलखात आपलं माणूस हवं" असं म्हणून तुम्हीच दत्ताला त्याच्याबरोबर धाडलंत. त्याच शाळेतला, त्याच आळीतला, हौसाक्काचा धाकटा. तो आपल्या घरी जेवलाय. चिमीला खांद्यावर घेऊन त्यानं सिद्धनाथाची जत्रा दाखवलीय. आणि मग गाळायला आलेल्या सोन्यापायी एका रात्रीत... तुम्ही दत्ताला धाडलंत हे मी तुम्हाला एकदाही बोलून दाखवलं नाही. तुम्हीही कधी बोलला नाहीत. बोलला असतात तर बरं झालं असतं का हो?

खालच्या कोर्टानं फाशी सुनावली, वरच्यांनी ती कायम केली. शेवटी अर्ज दिल्लीला गेला तेव्हा तुम्ही शांत झालात. भिंतीवरच्या फ्रेमकडं बोट करून म्हणालात, "माझ्या सुभेदारीच्या कागदावर राष्ट्रपतींच्या नावानं शिक्का हाय. फौजंत सगळ्यात वर त्येच. तिथं उशीर न्हाई व्हायचा."

किती भाबडे होतात हो तुम्ही! सीमेवर आयुष्य काढलेला माणूस इतका भाबडा?

एक राष्ट्रपती गेले, दुसरे आले. शपथविधी टीव्हीवर लागला की तुम्ही खुर्चीत ताठ बसायचात आणि मला गप्प करायचात. नंतर रोज पेपर चाळायचात. पुढं पुढं तर माझ्यावरच चिडायला लागलात, "एवढं मोठं राष्ट्रपती भवन, आन् एक सही करायला कुणाला येळ न्हाई?"

तालुक्याच्या पुढाऱ्यांकडंही गेलात. उन्हातून आलात, पायरीवर बसलात, पाणीसुद्धा घेतलं नाहीत. ते म्हणाले होते, "आबा, ते राष्ट्रपतींच्या हातात. आमच्या हातात काय हाय?"

आणि ऐका, तेच पुढारी परवा आपल्या दारात आले! दोन गाड्या, हार, पेढ्यांचा बॉक्स, फोटो काढणारी पोरं. माझ्या खांद्यावर शाल टाकून म्हणाले, "काकी, आमच्या पाठपुराव्याला यश आलं. साहेबांनी वर शब्द टाकला, तवाच सही झाली."

मी म्हटलं, "मग सुभेदार जिवंत असताना का नाही टाकला?"

ते हसले, आणि लगेच कॅमेऱ्याकडं तोंड केलं. दुसऱ्या दिवशी चौकात फलक लागला. त्यात सुनीलचा फोटो त्यांच्या फोटोपेक्षा बारका. चिमीचा तर नाहीच.

गाड्या गेल्यावर मागच्या दारानं हौसाक्का आली.

तिच्या उंबऱ्यावर पाय ठेवू नकोस, असं तुम्ही मला बजावलं होतं. ती आपल्या उंबऱ्यावर आली तर काय करायचं, ते सांगितलं नव्हतंत. ती उंबऱ्याबाहेरच थांबली होती. केवढी वाळलीय ती! दत्ताच्या त्या कृत्यानंतर तिच्या दारात कुणी हळदीकुंकवालाही गेलं नाही. थोरल्या पोरानं पुण्याला बिऱ्हाड केलं आणि आईचं नावच टाकलं.

"बाई, तोंड दावायला जागा न्हाई माजी," ती म्हणाली. "एकच इचारते. तुमी सांगितलं तर थांबंल व्हय त्ये?"

माझ्या अंगाची आग झाली. "माझ्या चिमीनं थांब म्हटलं नसेल का गं त्याला?"

ती खाली बसली. डोक्यावरचा पदर सावरायचंही तिला भान नव्हतं. "सोडा म्हणत न्हाई वं बाई. जन्मभर कोंडून घाला. मी बी मरून जाईन तवर. पर कुटंतरी हाय, एवढं तरी राहू द्या."

तिला घालवून द्यायला हवं होतं. तुम्ही असतात तर घालवलंच असतंत. मी दार लोटून घेतलं आणि आतून तिचा श्वास ऐकत उभी राहिले. रात्रभर डोळा लागला नाही. सकाळी तिला निरोप धाडला, "चल. विट्याला वकिलाकडं जाऊ."

का गेले? दया आली म्हणून नाही, खरंच नाही. मला बघायचं होतं, हे थांबवणं माझ्या हातात आहे का. आणि असलं, तर मी काय करेन.

वकीलसाहेबांनी आम्हा दोघींना एकाच बाकावर बसलेलं पाहिलं आणि चष्मा काढून ठेवला.

मी विचारलं, "मी लिहून दिलं तर?"

"अर्ज द्या. फायलीला जोडतील. पण तुमच्या म्हणण्यावर काही अडत नाही, बाई. खटला सरकार विरुद्ध दत्ता, असा असतो."

"म्हणजे माझं लेकरू गेलं आणि मी त्यात नाहीच?"

त्यांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला.

"बरं, राष्ट्रपतींना वाटलं तर?"

"त्यांना एकट्याला वाटून चालत नाही. मंत्रिमंडळ सल्ला देतं, त्याप्रमाणं सही. फार तर एकदा परत पाठवता येतं, पुन्हा विचार करा म्हणून. तेच परत आलं की सही करावीच लागते."

"सही त्यांची आणि ठरवणारं सरकार?"

"हो."

"सरकार म्हणजे कोण हो, साहेब? कुणाला भेटायचं?"

ते कसंनुसं हसले. "हे मला तरी कुठं ठाऊक आहे, बाई!"

हौसाक्काला यातलं काही कळलं नाही. ती माझ्या तोंडाकडं बघत होती, मी शाळेत मुलांना सोपं करून सांगायची तसं सांगेन म्हणून. काय सोपं करून सांगणार होते? जन्मभर नागरिकशास्त्र शिकवलं मी. "राष्ट्रपती हे देशाचे प्रमुख असतात," असं मुलांकडून घोकून घेतलं. तुम्ही ज्यांच्यावर एवढा जीव टाकून बसला होतात, त्यांचा हातही दुसऱ्याच कुणीतरी धरलेला असतो, हे मला त्या बाकावर कळलं. रागवायचं तरी कुणावर, अहो?

वकीलसाहेब म्हणाले, कोर्टात अजून एक अर्ज करता येतो, दयेच्या अर्जाचा निकाल द्यायला फार उशीर लावला या मुद्द्यावर. तो करतील. तो टिकेल की नाही, सांगता येत नाही. आणि तोवर भेटून घ्या.

तुरुंग तिकडं दक्षिणेत, भेटायला जाणार कोण? थोरल्यानं फोन उचलला नाही. हौसाक्काला वाचता येत नाही, हिंदी येत नाही, मिरजेच्या पुढं ती कधी गेली नाही. मी तिच्याबरोबर मिरजेत गाडीत बसले. रागवा. खुशाल रागवा! गाडीत दुपार झाली. तिनं भाकरी पुढं केली, मी घेतली नाही. संध्याकाळी पुन्हा केली, तेव्हा घेतली.

तुरुंगाच्या दारातल्या शिपायानं हिंदीत विचारलं, आप इनकी कौन लगती हैं? म्हटलं, "गाववाली."

मी आत गेले नाही. मला जाऊ दिलं असतं की नाही, तेही विचारलं नाही. बाहेर चिंचेखाली बसले. त्याच भिंतीपलीकडं तो श्वास घेत होता, आणि माझी तिघं कुठंच नव्हती. मला ओरडायचं होतं, पण त्या शहरात माझं ओरडणं कळणारं कोण होतं?

हौसाक्का बाहेर आली तेव्हा रडत नव्हती.

"काय म्हणाला?"

"इचारलं, आपल्या शिवारात पाणी आलं का? कालव्याचं. म्हटलं, आलं. मग म्हणला, बरं झालं."

"आणखी?"

"न्हाई."

"माझ्या माणसांचं काही?"

तिनं मान हलवली. "मी सांगितलं, बाई भाईर बसल्यात म्हून. त्येनं तोंड फिरवलं, भिंतीकडं. मग येळ संपला."

बघा! एवढ्या लांब गेले आणि पदरात काय पडलं? पाणी आलं का, म्हणे. मला एक शब्द हवा होता. एकच. तोही मिळाला नाही. त्याचाही राग यायला हवा होता, पण माझ्यात तेवढी ताकदच उरली नव्हती.

आम्ही परत आलो आणि सरपंच घरी आले. गावानं ठरवलंय म्हणाले, फाशी झाली आणि आईनं मागितलं तर मढं गावात येईल. त्याला आपल्या स्मशानात जागा द्यायची नाही. पोरं पेटलीत. "पर बाई, तुमी म्हणाल त्ये हुईल. तुमचा शब्द गाव मोडणार न्हाई."

इतक्या वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी मला विचारलं. कोर्टानं नाही, सरकारनं नाही. आणि विचारलं ते काय, तर त्याला जाळायचं कुठं!

मी म्हणाले, "विचार करून सांगते."

त्यानंतर मी कुणाशी बोललेली नाही. सरपंच येता-जाता दाराकडं बघतात. हौसाक्का येत नाही, पण पाण्याला निघाली की आपल्या घरापुढं तिची पावलं मंदावतात. मला खिडकीतून दिसतं. मी बाहेर जात नाही. नाही म्हणायला जीभ उचलत नाही, आणि हो म्हणायला गेले की चिमी डोळ्यांपुढं उभी राहते. हो म्हटलं तर माझी तिघं परत येणार नाहीत, नाही म्हटलं तरी येणार नाहीत. तुम्ही काय म्हणाला असतात, ते मला ठाऊक आहे. पण तुम्ही इथं नाही. मला एकटीला ठरवायला लावून निघून गेलात, हे काही बरं केलं नाहीत.

आज दुपारी ती पुन्हा घरापुढं थांबली, घागर काखेत घेऊन. तिला बघताना मला तुम्ही आठवलात, पेपर उघडून बसलेले. आपल्याला कुणीतरी असंच थांबवून ठेवलं होतं ना हो? त्यानं तुमचं काय झालं, ते मी रोज डोळ्यांनी पाहिलं.

मी दत्ताला माफ केलेलं नाही. करणार नाही. तो जगला तरी नाही आणि गेला तरी नाही. पण तुम्हाला वचन देते, त्या बाईला मी माझ्या दारापुढं ताटकळत ठेवणार नाही. आता पत्र मिटते, चप्पल घालते आणि चावडीवर जाऊन सांगते, की तसा दिवस आलाच तर त्याला गावात जागा द्या. मग हौसाक्काच्या घरी जाईन आणि तिला माझ्या तोंडानं सांगेन.

तुमची, आणि तुम्ही रागावलात तरी तुमचीच,
शालन