आत्याच्या हातातला राजा

ती. मामांस,

शिरसाष्टांग नमस्कार, तोही दोन्ही तळवे तुम्हाला दिसतील असे ठेवून. हल्ली ज्याचे हात दिसत नाहीत त्याच्यावर माझा विश्वास बसत नाही. तुमची कंबर कशी आहे? मामींचा खोकला? (दोन्हींची उत्तरं खरी द्या.)

तुम्हाला ठाऊकच आहे, आमच्या घरात वाद झाला की पत्ते निघतात. आई पिसून हातात पंखा धरते, भांडणारे एकेक पान ओढतात, मोठं पान जिंकतं. खिडकी उघडायची का, भांडी कोणी घासायची, सगळं असंच ठरतं आणि वर्षानुवर्षं आत्याच जिंकते. परगावच्या शाळेतली माझी नोकरीही आता रविवारी अशीच ठरणार आहे. बाबा म्हणाले, "आत्या नको म्हणते, तू जाते म्हणतेस. ओढा पानं." शिकलेल्या मुलीचं आयुष्य पत्त्यांवर ठरावं हे मला मुळीच मान्य नाही, पण (हे तुमच्यापुरतं) त्याहून जास्त धास्ती मला आत्याच्या बाह्यांची आहे.

म्हणून सरावाच्या नावाखाली मी तिला रोज पानं ओढायला बसवू लागले. बाह्या दुमडायला लावल्या, अंगठी काढायला लावली, नवा कॅट आणला. "पदवी घेतलीस की पोलिसात भरती झालीस गं?" असं म्हणत आत्याने राजा ओढला. शेवटी, तिच्या मांडीवर पानं लपवलेली असणार म्हणून मी सरळ टेबलाखाली वाकले. मांडीवर फक्त चष्मा होता. पण खालून आईच्या पंख्यातली पानं स्वच्छ दिसत होती, आणि आत्याचं बोट जवळ येताच आईच्या अंगठ्याने राजा अलगद पुढे सरकवला. माझ्या आईच्या. जिला पत्त्यांतलं ओ की ठो कळत नाही म्हणून तर पिसायचं काम तिच्याकडे.

स्वयंपाकघरात गाठून मी तिला जाब विचारला. ती म्हणाली, "वन्संना इतकी वर्षं जिंकवलं ते उगाच? पत्त्यांचा कौल म्हणजे देवाचा कौल, असं त्याच सांगत फिरतात. रविवारी हरल्यावर कुठल्या तोंडाने नाही म्हणतील?"

"पण भांडी इतकी वर्षं मी घासली."

"मग नोकरी काय फुकट मिळते?"

मामा, लबाडीने मिळालेला न्याय हा न्याय नव्हे. मुलांना खरं बोलायला शिकवायला मी खोट्या राजाच्या जोरावर जाऊ? मी आईला स्पष्ट नकार दिला आहे. रविवारी पत्ते प्रामाणिकपणे पिसले जातील. जे होईल ते सोसेन.

तुमची भाची

ता. क. आईने आज प्रामाणिकपणे पिसून दाखवलं. मला आलेली पानं: दुर्री, तिर्री, पुन्हा दुर्री.

ता. क. २ : आत्ताच सुरीने आईचा अंगठा कापला, पट्टी बांधली आहे. ती म्हणते, पानं सरकवायचं हे सगळं तिला लहानपणी तुम्हीच शिकवलंत. (मला संशय होताच.) आत्याचा तुमच्यावर फार विश्वास आहे, तेव्हा रविवारी जेवायलाच या आणि पिसायला तुम्ही बसा. तत्त्वांचं काय ते मी रुजू झाल्यावर बघते.