पोटदुखीतली मुख्य भूमिका

२ सप्टेंबर, कॅरी, अमेरिका

आजपासून रोज लिहायचं. मराठीत, कारण या घरात भाची अनिकाला ती वाचता येत नाही आणि ताई-भावोजींना वेळ नाही.

मी मूळचा लेस्टरचा. लंडनच्या एका हॉस्पिटल मालिकेत सर्जन होतो. तिसऱ्या एपिसोडमध्ये मला अ‍ॅम्ब्युलन्सने उडवलं. तो सीन लोकांच्या अजून लक्षात असणार. शिवाय लेखक. स्क्रीनप्ले जवळजवळ तयार आहे, फक्त हीरोचं वय दरवर्षी माझ्याबरोबर वाढवावं लागतं. अमेरिकेचं ग्रीन कार्ड लग्नामुळे मिळालं. लग्न टिकलं नाही, कार्ड टिकलं.

शोभाताई म्हणाली, दिवाळीपर्यंत धड काम बघ, नाहीतर लेस्टरला परत जा, विष्णूदादाच्या चष्म्याच्या दुकानात जागा आहे. मी म्हटलं, कलावंताला तारीख विचारू नये. ती म्हणाली, विचारत नाहीये, देतेय.

९ सप्टेंबर

काम मिळालं! अनिकाच्या मेडिकल कॉलेजात. नट पेशंट होतो, विद्यार्थी त्याला तपासतात, कॅमेरा चालू असतो. अनिका म्हणते, मामा, इट्स जस्ट अ गिग. म्हणजे किरकोळ, सुटं काम. तिला काय कळणार. प्रत्येक सीनमध्ये मी आहे. याला मुख्य भूमिका म्हणतात.

१५ सप्टेंबर

स्क्रिप्ट आली. 'पोटात उजवीकडे दुखतं. कालपासून. ताप आहे.' संपलं. कुणी लिहिलंय हे? माणसाला भूतकाळच नाही. बसून पानंच्या पानं लिहिली. पेशंटचे वडील लहानपणी सोडून गेले. दुखतं उजवीकडे, पण जखम डावीकडे आहे.

१८ सप्टेंबर

पहिला प्रयोग. अक्षत नावाच्या मुलाने विचारलं, कुठे दुखतं. मी खिडकीकडे पाहिलं. त्याने परत विचारलं. मी वडिलांपासून सुरुवात केली. वेळ संपल्याची बेल झाली तेव्हा मी जेमतेम शाळेत पोचलो होतो. अक्षतचे डोळे पाणावले होते. अनिका म्हणते, त्याला अ‍ॅलर्जी आहे.

पोट दाबायचं राहून गेलं. त्याने निदान केलं डिप्रेशन. कोर्सच्या प्रमुख डॉ. प्रीता म्हणाल्या, एव्हाना या माणसाचं अपेंडिक्स फुटलं असतं. मी म्हटलं, त्यालाच क्लायमॅक्स म्हणतात.

२५ सप्टेंबर

मला तपासणारे सगळे विद्यार्थी नापास. डॉ. प्रीता म्हणाल्या, लिहिलंय तेवढंच बोला. मी म्हटलं, मी लंडनच्या डायरेक्टरांबरोबर काम केलंय. त्या म्हणाल्या, मी डायरेक्टर नाही. ते दिसतच होतं.

तरी संकल्प: यापुढे एक शब्द जास्तीचा नाही.

३ ऑक्टोबर

संकल्प तंतोतंत पाळला. फक्त आत येताना थोडा लंगडलो. बोलू नका म्हटलं होतं, लंगडू नका असं कुणी म्हटलं नव्हतं. सगळ्यांनी गुडघा तपासला. यात माझा काय दोष?

८ ऑक्टोबर

डॉ. प्रीतांचा मेल: आता पुढे तुमची गरज नाही. यांना अभिनय झेपत नाही, त्याला मी काय करणार.

जेवताना भावोजी म्हणाले, लेस्टरची हवा बरी असते. ताई फोनवर विमानाची तिकिटं बघत होती. खरंच भीती वाटली. उरलेला जन्म आरशाशेजारी उभं राहून लोकांना 'ही फ्रेम तुम्हाला शोभते' म्हणायचं. जाणार नाही. जाणारच नाही.

१३ ऑक्टोबर

अपॉइंटमेंट न घेता डॉ. प्रीतांकडे गेलो. भाषण लिहून नेलं होतं. त्यांनी मध्येच थांबवलं. म्हणाल्या, एक जागा आहे, रोजची, पण तुम्हाला आवडणार नाही. मी कागद न वाचताच सही केली. नट भूमिका नाकारत नाही.

ताईने शिरा केला. मी विष्णूदादाला फोन करून सांगितलं, माझ्या जागी खुशाल दुसरा ठेव. त्याला एवढा आनंद व्हायला नको होता.

१७ ऑक्टोबर

नवी भूमिका: बेशुद्ध पेशंट. डोळे मिटलेले, संवाद नाहीत, हलायचं नाही. सकाळी ठरवलं होतं की नुसत्या श्वासातून याचा सगळा भूतकाळ दाखवायचा. वडिलांपर्यंत आलोही होतो.

नंतर अनिकाने सांगितलं, हे काम एका रबरी पुतळ्याचं आहे. तो दुरुस्तीला गेलाय. दिवाळीनंतर येतोय.

येऊ दे. त्याच्यापेक्षा मी सरस आहे हे आज सिद्ध झालं. डॉ. प्रीता पहिल्यांदाच सगळ्यांसमोर म्हणाल्या, आज हे अगदी खरे वाटले.

हेही अनिकानेच सांगितलं. मला त्या वेळी झोप लागली होती.